वाडीचा जबाब

माझ्या आजोळच्या वाडीला सरपंच नाही, तलाठी नाही, पोस्ट नाही. महसुली गावांच्या यादीत तिचं नाव नाही. कागदावर आधी पलीकडच्या गावाचं नाव, मग ‘पैकी’, मग वाडीचं. मतदान तिकडं, रेशन तिकडं, ग्रामसभा तिकडं. मधे कोयनेचं पाणी. सातारा जिल्ह्यातल्या जावळी तालुक्यात, शिवसागर जलाशयाच्या पश्चिम काठाला, सह्याद्रीच्या मुख्य रांगेला पाठ टेकून ही वीसेक उंबऱ्यांची वस्ती बसली आहे. बामणोलीहून लाँचनं यायचं, उतरल्यावर छाती भरून येईल अशी चढण चढायची. वाडीचं नाव मुद्दामच लिहीत नाही, कारण पुढं काही घरगुती भांडणं येणार आहेत.

या वाडीचा इतिहास मला तिघांनी सांगितला. एक माझी आजी, आईची आई. दुसरा थोरला मामा. आणि तिसरे वरच्या धनगरवाड्यातले बाबा. बाबा आमच्या नात्यातले नाहीत, जातीतलेही नाहीत. ते गवळी धनगर, पिढ्यान्‌पिढ्या म्हशी राखून सड्यावर राहिलेले. पण वाडीतली सगळी लहानमोठी माणसं त्यांना बाबाच म्हणायची. तिघांपैकी एकालाही सन सांगता यायचा नाही. आजीचा काळ दोन भागांत पडायचा, पाणी यायच्या आधीचा आणि नंतरचा. मामा भूकंपापासून मोजायचा. बाबा म्हशींच्या वितांवरून हिशेब धरायचे आणि तो बहुतेक वेळा बरोबर निघायचा.

गोष्ट सुरू व्हायची ती मात्र फार मागून, वासोट्यापासून. किल्ला आमच्या डोक्यावरच आहे म्हणायला हरकत नाही. ताई तेलिणीनं वासोटा कसा लढवला, हे मामा असं सांगायचा की ऐकणाऱ्याला वाटावं, बाई शेजारच्या घरातली होती. पंतप्रतिनिधींची बाजू घेऊन ती पेशव्यांच्या बापू गोखल्यांशी लढली ते साल साधारण 1806-07. त्यावरचा एक चावट उखाणा साताऱ्याकडं सगळ्यांना पाठ आहे. मामा तो पोरींसमोर अर्धाच म्हणायचा आणि उरलेला अर्धा आजी स्वयंपाकघरातून पुरा करायची. पुढं 1818च्या एप्रिलात इंग्रजांनी समोरच्या जुन्या वासोट्यावर तोफा चढवून किल्ला घेतला. पेशव्यांनी त्यांचे दोन अधिकारी वर कैदेत ठेवले होते, ते सुटले. मामाच्या गोष्टीत या दोघांना ताक पाजणारी माणसं आमच्या वाडीची होती. बाबांच्या गोष्टीत ताक धनगरांचं होतं. कैद्यांना ताक मिळालं होतं याला कुठलाच आधार नाही, पण ताक कुणाचं यावरून दोघंही हट्टाला पेटत.

किल्ल्याखाली मेट इंदवली होती. गडाच्या पायथ्याला पहाऱ्याची मेटं असत, त्यातलं हे एक. आता तिथं माणूस नाही. वासोट्याला जाणारी पोरं लाँचमधून उतरून पडक्या जोत्यांजवळून वर निघून जातात. आमच्या वाडीतल्या दोन घरांच्या सुना मेटातल्या. तेव्हा ताक-प्रकरणात मेटाचाही दावा होता, एवढं नोंदवून पुढं जाते.

आजीची खरी गोष्ट मिठाची. पाणी यायच्या आधी आमची माणसं बाजाराला साताऱ्याकडं कमीच जात. कोकण जवळचं. नागेश्वराच्या अंगानं घाट उतरून चोरवण्यात मुक्काम टाकायचा, दुसऱ्या दिवशी खेडचा बाजार. उतरताना डोक्यावर तूप आणि वाळवलेला हिरडा. तूप धनगरांचं असायचं. ते स्वतःही उतरत, पण म्हशी विणाऱ्या असल्या की आमच्या माणसांच्या डोक्यावर देत. येताना मीठ, सुकट, गूळ, एखादं लुगडं. आजी नवी नवरी असताना पहिल्यांदा गेली. सासूनं तिच्या डोक्यावर मिठाचं अर्धं पोतं दिलं. घाट चढताना घाम फुटला की मीठ पाझरायला लागायचं. ते मानेवरून पाठीत उतरायचं, चोळीच्या शिवणीशी साचायचं आणि काट्यांनी ओरखडलेलं कातडं असं चरचरायचं की थांबून झऱ्यात पाठ बुडवावी. पण झऱ्याशी थांबायला परवानगी नव्हती. पोतं भिजलं तर सासू बोलणार. 

“मग काय केलंस?” मी विचारायची.

“काय करतीया? सासूबी तसंच घेऊन चालली व्हती की म्होरं. तिच्या पाठीकडं बघत चालले.”

घरात मीठ पाट्यामागं एका मडक्यात, चुलीच्या उबेला ठेवलेलं असे. इकडच्या पावसात बाहेरचं मीठ टिकत नाही. कोयनेच्या या खोऱ्यात नवज्यासारख्या ठिकाणी वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या पुढं पाऊस सहज पडतो. चार महिने सूर्य दिसला तर लोक बाहेर येऊन बघत. म्हणून मे महिन्यात आगोटीची धांदल: फाटी, गोवऱ्या, सुकट, तिखट, घराला पावसाळी झडप लावायला गवत. घरं कारवीच्या कुडाची, शेणानं लिंपलेली, वर गवताचं शाकार. आत एका अंगाला माणसं, एका अंगाला जनावरं. त्या भिंतींची आठवण ठेवा, त्या पुढं लागणार आहेत.

त्या वेळी वाडी आत्ता आहे तिथं नव्हती. खाली होती, नदीकाठी. भाताची खाचरं खाली, आणि वर डोंगरउतारावर वरी-नाचणी. उताराचा एक पट्टा राब भाजून करायचा, दोन-तीन वर्षं पिकवायचा, मग सोडून दुसरा धरायचा. पावसाळ्यात नदीकाठच्या चिखलात जनावरांच्या खुरांना रोग यायचा, म्हणून वर गोठे होते. घरातलं एखादं म्हातारं आणि दोन पोरं चार महिने जनावरांबरोबर वरच राहायची. हा तपशील कुणाला कंटाळवाणा वाटेल. पुढं सगळी वाडी याच तपशिलावर तरली.

धरणाचं काम 1954 साली सुरू झालं. त्याच्या आधीपासूनच लाल-पांढऱ्या पट्ट्यांच्या काठ्या घेतलेले साहेब खोऱ्यात फिरत होते. त्यांनी उतारावरच्या एका मोठ्या धोंड्याला चुन्याची खूण केली आणि पाणी इथवर येईल म्हणून सांगितलं. नदी तिथून इतकी खाली की हाक मारली तर ऐकू जाऊ नये. आजीचा सासरा म्हणाला, “नदी हितवर यायची तर देवानं खालनं टेकू लावाय पायजे.” सगळे हसले. साहेबही हसला म्हणे. टेकू देशमुखवाडीला लागत होता, दक्षिणेला कितीतरी कोस लांब: 103 मीटर उंचीची भिंत. आमच्यातल्या कुणी ती पाहिली नव्हती.

सुमारे शंभर गावं त्या पाण्यानं उठवली. कुणाला सोलापूरकडं जमीन दाखवली, कुणाला सांगलीकडं, कुणाला ठाणे-कुलाब्याकडं. पुनर्वसनाचा कायदा महाराष्ट्रात झाला तो 1976 साली. कोयनेची माणसं त्याआधीच उठून गेलेली. ज्यांना सोलापूरकडची जमीन दाखवायला नेलं ते चौघं परत आले आणि म्हणाले, तिथं झाड नाही, आणि पाऊस म्हणजे काय ते तिथल्या माणसाला विचारावं लागतं. आजीचा सासरा म्हणाला, मी वर जातो. वाडीतली निम्मी घरं गेली, निम्मी वर सरली. वर म्हणजे त्या पावसाळी गोठ्यांच्या जागी. सरकारच्या लेखी ती जागा जंगलाची होती. आमच्या लेखी ती गोठ्यांची.

मोजून मापून केलेलं स्थलांतर नव्हतं ते. तुळया, दारं, चौकटी सोडवून डोक्यावरून नेल्या. भैरोबाचा तांदळा कौल लावून घोंगडीत बांधून वर आणला. आजी हटून बसली ती जात्यासाठी. वरची तळी नवऱ्यानं नेली, खालची तिनं आणि जावेनं बांबूला बांधून. पाणी येणार हे ठाऊक होतं तरी पहिल्या पावसाळ्यात लोक रोज सकाळी उतारावर येऊन बघत. आजी सांगायची, पाण्याबरोबर आधी उंदीर वर आले, मग साप, मग घुशी; वाडीतल्या मांजरांनी पंधरा दिवस भाकरीकडं बघितलं नाही. हे सांगताना ती हसायची. रडल्याचं तिनं एकदाच सांगितलं, तेही जाऊ सोलापूरकडं गेली म्हणून.

पाणी ओसरलेल्या एखाद्या कोरड्या वर्षी मे महिन्यात जुनी देवळं आणि जोती उघडी पडतात. काठावरची माणसं त्या गाळपेर जमिनीत काहीबाही पिकवूनही घेतात. लहानपणी एका सुट्टीत आजीनं मला खाली नेऊन आपलं जोतं दाखवलं. भेगाळलेल्या गाळात दगडांचा एक चौकोन. ती त्यात चपला काढून शिरली आणि मला म्हणाली, “हितनं ये, ती बाजू गोठ्याची.” मी भिंत नसलेल्या दारातून आत गेले.

1962 पासून कोयनेची वीज तयार होऊ लागली. पाणी पूर्वेला वाहायचं सोडून बोगद्यातून पश्चिमेला पोफळीकडं उतरवलेलं. पुढं टप्प्याटप्प्यानं हा प्रकल्प 1,960 मेगावॉटपर्यंत गेला. वाडीत तारा आल्या तेव्हा मी शाळेत होते. याबद्दल वाडीत फारसं कुणी कडवटपणे बोलत नाही. मला मात्र अजून तो हिशेब पचत नाही आणि तो मी पचवूही नये असं वाटतं.

मग भूकंप. 11 डिसेंबर 1967, सोमवार, पहाटे चार वाजून एकवीस मिनिटं. मामा तेव्हा दहा-अकरा वर्षांचा. त्याला आठवतं ते हे, की म्हशींनी आधी दावी तोडली आणि मग जमीन हलली. कोयनानगर जवळजवळ सपाट झालं. पावणेदोनशेच्या आसपास माणसं गेली. धरणाच्या पाण्यानं भूकंप होतो का, यावर तेव्हापासून जगभरचे शास्त्रज्ञ कोयनेचं नाव घेतात; अलीकडं गोठण्याला जमिनीत सुमारे तीन किलोमीटर खोल भोक पाडून अभ्यास केला. मामाचं शास्त्र वेगळं. पैसे आल्यावर वाडीतल्या दोघांनी कुड काढून मातीत दगड रचून भिंती घातल्या होत्या, पाहुण्यात मिरवायला. त्या दोनच घरांच्या भिंती आत पडल्या. एका घरातली म्हातारी गेली. बाकीच्यांचे कारवीचे कुड झुलले, लिंपण गळून पडलं आणि माणसं शेणामातीनं भरलेली बाहेर आली. आमची आई तेव्हा पाळण्यात होती. तिच्या तोंडातलं शेण आजीनं बोटानं काढलं.

त्यानंतरची गोष्ट मुंबईची. ती निम्म्या साताऱ्याचीच आहे, म्हणून थोडक्यात. मामा सोळाव्या वर्षी मशीद बंदरला हमालीला गेला. वाडीची आणि आजूबाजूच्या वाड्यांची मिळून एक खोली होती, तीत पाळीपाळीनं झोपणारे तीस-पस्तीस गडी. पाटणजवळच्या मंद्रुळकोळ्याच्या अण्णासाहेब पाटलांनी माथाड्यांना उभं केलं आणि 1969 साली माथाडी कायदा झाला, म्हणून मामाच्या पिढीला हजेरी, बोनस, दवाखाना मिळाला. त्या खोलीतल्या पेटीत एक वही होती. गावकीची वर्गणी, कुणाची लगीनसराई, कुणाचं मयत, सगळं तीत. वाडीचं खरं दप्तर म्हणाल तर तेच. पुढं एका पावसाळ्यात खोलीत पाणी भरलं आणि वहीचा लगदा झाला. शिवसागरातून वर सरलेली वाडी मुंबईच्या गटारात बुडाली, असं मामा म्हणतो.

1985 साली कोयना अभयारण्य झालं, जवळपास सव्वाचारशे चौरस किलोमीटरचं. 2010 साली ते चांदोलीबरोबर सह्याद्री व्याघ्र प्रकल्पात गेलं. राब भाजणं गेलं, चराई गेली. गवे नाचणीत उतरायला लागले. कळपानं येतात आणि सकाळपर्यंत वाफा मळणीच्या खळ्यासारखा करून जातात. उठून खाली या, जमीन देतो, पैसे देतो, असंही विचारून झालं. काही वाड्या गेल्या. त्यांनी चूक केली असं मी म्हणणार नाही. बाळंतपणाला बाई डोलीत घालून लाँचपर्यंत आणताना जे होतं ते मी पाहिलेलं आहे. आमची वाडी राहिली, आणि राहिली म्हणून तिला सिद्ध करावं लागलं की ती आहे.

2006चा वनहक्क कायदा आदिवासी नसलेल्या वननिवासींना एक अट घालतो. 13 डिसेंबर 2005च्या आधी तीन पिढ्या, म्हणजे 75 वर्षं, त्या जंगलात राहिल्याचा आणि त्यावर जगल्याचा पुरावा द्यायचा. हिशेब केला तर 1930पर्यंत मागं जावं लागतं. वाडी वर सरली ती पाणी आल्यावर. बाहेरून बघणाऱ्याला सरळ दिसतं, ही माणसं साठच्या दशकातली. गोठे, राब, वरी-नाचणी हे 1930च्या आधीपासून इथंच होतं, हे सांगणार कोण? कागद तर पलीकडच्या गावाच्या नावावर.

नियमांत पुराव्यांची यादी आहे. तिच्यात सरकारी नोंदी आहेत, जुनी झाडं, जोती, विहिरी, देवस्थानं आहेत, आणि वडीलधाऱ्यांचा लेखी जबाबही आहे. हा कायदा ज्यानं कुणी लिहिला त्यानं कुठंतरी ओट्यावर बसून म्हाताऱ्यांचं ऐकलेलं असणार. पण त्यात एक मेख आहे: जबाब देणारा वडीलधारा स्वतः दावेदार असता कामा नये. आजी आपल्याच वाडीबद्दल बोलू शकत नव्हती, मामाही नाही. वनहक्क समितीत सगळे एकमेकांकडं बघायला लागले. आजूबाजूला 1930च्या आधीचं ऐकलेला, आमच्यातला नसलेला माणूस एकच. आणि धनगरवाड्याचाही दावा होता. त्यांनाही परका म्हातारा पाहिजे होता.

त्या वर्षी वाडी आणि धनगरवाडा बोलत नव्हते. म्हशी आमच्या नाचणीत शिरल्या होत्या, आमच्यातल्या कुणीतरी दगड मारला होता, एका म्हशीचा डोळा गेला होता. तरी बाबा खाली आले. मामाच्या ओट्यावर घोंगडी टाकून बसले. माझं अक्षर बरं आणि मी मुंबईहून आलेली, म्हणून वही माझ्याकडं.

“लिव्ह,” बाबा म्हणाले. “ह्यांचं गोठं हितं माझ्या आज्यापासनं. माझा बा सांगायचा. त्या फणसाखाली एक, वड्याच्या अंगाला दोन. ह्यांच्या आज्येसासऱ्यानं माझ्या आज्याकडनं म्हस न्येली अर्धलीनं. पयल्या वितीला रेडकू झालं. अर्धलीचा वायदा आसा, की पयलं रेडकू आमचं. त्ये ह्यांनी दिल्यालं न्हाय. आजूनबी.”

आजी आतून बाहेर आली. “वाघरानं न्येलं त्ये! गोठ्यातनं न्येलं. आमच्यानं इकल्यालं न्हाय.”

“वाघरानं न्येलं तर वाघदेवाला नारळ कोण वाढवतंय? आमी. नुस्कान कुणाचं झालं, मंग?”

“धोंडा आमी मांडला त्यो.”

“जागा आमी दावली.”

ओट्यावर बसलेल्या वनहक्क समितीच्या माणसानं हळूच विचारलं, हा वाघदेवाचा धोंडा कुठं आहे? दोघांनी एकदम एकाच दिशेला हात केला, ओढ्याच्या पलीकडं, दोन गोठ्यांच्या मधे. अजून शेंदूर लागतो त्याला. त्यानं मोबाइल काढला आणि जागेचे अक्षांश-रेखांश टिपून आला. जोती होतीच, फणस होता, आता देवस्थानही झालं. आणि तिन्ही जिथं आहेत ती जागा बाबांच्या जन्माआधीपासून आमची, असं बाबांच्याच तोंडून वहीत उतरलं.

मामा म्हणाला, रेडकाचं तेवढं खोड. वकिलाकडून ऐकून आलेला एक पोरगा म्हणाला, खोडू नका. तेच तर सगळ्यात पक्कं आहे. कुणी घर नसलेल्याला म्हैस अर्धलीनं देत नाही.

मी रेडकू ठेवलं. वाचून दाखवलं. बाबांनी ‘दिल्यालं न्हाय’ पुन्हा एकदा वाचायला लावलं, मान हलवली आणि अंगठा उमटवला. समितीच्या माणसानं पान उलटलं आणि वर लिहिलं: धनगरवाडा, वडीलधाऱ्याचा जबाब.

आजी पाटावर मांडी घालून बसली. पदर खोचला. बाबांकडं एकदा बघून मला म्हणाली, “आता माझं. नीट लिव्ह, गाळू नगस काय. ह्यांचा आज्जा तूप मापताना अंगठा आत घालायचा, हितनं सुरवात कर.”